मेले आणि कुऱ्हाड आणली

बेंबळी, गुरुवार, दिवेलागण

दरवेळी मीच का मरायचं? मोबाईलच्या खेळात मेलं की माणूस घरात परत जित्तं होतंय, खरं हाय. पर हातातलं सगळं मेल्या जागी पडतंय त्याचं काय? लोहाऱ्याच्या वन्सं फोनवर म्हणतात, "तू हो गं पुढं, तुला मरायची सवय हाय." मागं लांडगे मला खात हुते, तवा ह्या बाईनं माझी सोन्याची कुऱ्हाड उचलली अन् आपल्या पेटीत ठिवली. पंधरा दिवस खपले हुते त्या कुऱ्हाडीसाठी.

आज त्यांच्यासंगं लांब डोंगरात गेले. चालत परतायचं म्हणजे लई वेळ. म्या रिकाम्या हातानं मुद्दाम कड्यावरून उडी टाकली. मेले ती थेट खेळातल्या आमच्या दोघींच्या घरात. वन्सं तिकडं डोंगरात, अन् त्यांची पेटी माझ्याम्होरं. कुऱ्हाड काढली, परसात पुरली.

वन्सं चालत घरी पोचल्या, पेटी उघडली अन् लगेच फोन. "माझी कुऱ्हाड कुठं हाय गं?"

माझी म्हणं. चोरी झाली का ही? न्हाय. कुऱ्हाड माझीच हाय.

सांगितलं तोंडावर, "वन्सं, ह्याच्याम्होरं आधी कोण मरणार, तुम्ही का मी, ते रविवारच्या आत सांगा. न्हाय सांगितलं तर सोमवारी तुमची अख्खी पेटी पुरते."