एफ्रम काकांच्या वह्यांत मी घातलेली भर

४ ऑक्टोबर १९७९
संकल्प: पुस्तक लिहायचं. कॅनडातल्या आमच्या या लॅब्रडॉर किनाऱ्यावर आजवर जेवढी पुस्तकं निघाली, त्यातली चौदा माझ्या कपाटात आहेत. सगळी बाहेरच्यांची, बहुतेक बोस्टनच्या. उन्हाळ्यात तीन आठवडे येतात, डास चावून घेतात आणि चारशे पानं लिहितात. वीस पानांच्या आत लांडगा येतोच. आम्ही माणसं त्यानंतर येतो, आणि आलो की चहा पितो. माझ्या पुस्तकात लांडगा नसेल. ठरलं.

बायकोने, लिओनाने, विचारलं, तू नदीच्या पहिल्या धबधब्याच्या वर गेलायस का रे कधी? मी म्हटलं, लेखकाला जावं लागत नाही. मग त्या बोस्टनवाल्यांनीच काय घोडं मारलंय, म्हणाली.

उठून पोस्टात गेलो. टपाल लावायचं होतं. (टपाल आलं नव्हतं.)

७ ऑक्टोबर
एफ्रम काकांकडे गेलो. वय बहात्तर. पन्नास हिवाळे नदीच्या वरच्या अंगाला मिंकसारख्या जनावरांच्या कातड्यांसाठी सापळे लावले. गावातला कुठलाही तरुण सापळ्यांवर जायच्या आधी काकांकडे एक कप चहा पिऊन जातो. वर असताना ते रोज दोन ओळी लिहीत, हे मला माहीत होतं. वह्या मागितल्या. घेऊन जा की, म्हणाले. पण त्यात काही नाही हां पोस्टमास्तर, झालं तेवढंच आहे.

तंबाखूच्या डब्यात सात वह्या. घबाड!

८ ऑक्टोबर
वह्या वाचल्या. नमुना:
'थंडी. दोन मिंक. पाव भाजला.'
'थंडी. काही नाही.'
'वारा. मोजे शिवले.'
'थंडी.'
सात वह्या अशाच. दगड आहे, मूर्ती काढणारा हवा. तो मी.

१५ ऑक्टोबर
गूज बे शहरातल्या त्रैमासिकाच्या संपादकांचं पत्र आलं. पुस्तकाआधी एक प्रकरण छापून पाहू म्हणतात. अट एकच, अस्सल हवं. आपल्याकडे दुसरं आहे काय?

१९ ऑक्टोबर
सकाळी तीन पानं. मोजे शिवण्यावर अडीच. लिओनाला वाचून दाखवली. ती सुईत दोरा ओवत होती. पुढे काय होतं, तिने विचारलं. दुसरा मोजा, मी म्हटलं.

प्रसंग हवा.

२२ ऑक्टोबर
प्रसंग सापडला! आमच्याच घरातला.
माझ्या प्रत्येक वाढदिवसाला बाबा सांगायचे. मी जन्मणार होतो तेव्हा ते वर, दुहेरी ओढ्यापाशी सापळेवाल्यांच्या खोपटीत होते. छातीत कफ, बाहेर वादळ. आतलं होतं नव्हतं ते लाकूड त्यांनी जाळलं, पहाट होताच बर्फाचे जोडे चढवले आणि तीन दिवसांत घर गाठलं. तुझ्यासाठी रे हेडली, म्हणायचे. माझी छाती फुगायची. आई मात्र दर वेळी मधेच उठून चुलीकडे जायची.

हा प्रसंग काकांना देऊन टाकतो. त्यांच्या आयुष्यात एवढं तरी व्हायला हवं होतं. बाबांना जाऊन नऊ वर्षं झाली, ते काय तक्रार करणार? शिवाय भेट आहे, चोरी नाही.

२५ ऑक्टोबर
पूर्ण झालं. सर्वांत चांगलं वाक्य: 'निघताना एफ्रमने मागे वळून पाहिलं नाही, आणि मागे एक ढलपीही ठेवली नाही.' वाचताना माझ्याच अंगावर काटा आला. जानेवारी ३६ अशी तारीख टाकली, दुहेरी ओढ्याचं नावही टाकलं. अस्सलपणासाठी.

लांडगा घातला. एकच. लांबून.

२६ ऑक्टोबर
आजच्या विमानाने लेख पाठवला. विमान तळ्यावरच उतरतं, तळं गोठायच्या आधीचं हे शेवटचं. काकांना दाखवायचा राहिला. छापून आल्यावर आश्चर्य वाटू दे.

९ जानेवारी १९८०
वाढदिवस. चव्वेचाळीस. लिओनाने बेकॲपल या रानफळाच्या मुरांब्याचा केक केला. संकल्प: दुसरं प्रकरण, रोज पाच पानं.

५ फेब्रुवारी
अंक आला! पहिल्या पानावर माझं नाव, आतमध्ये काकांचा फोटो. एकतीस प्रती. प्रत्येक प्रत माझ्या हाताने ज्याच्या त्याच्या खणात ठेवली, फोटो वर येईल अशी. आमच्याच गावच्या टायफीना काकू आता गूज बेला लेकीकडे असतात, त्यांनाही एक पाठवली. वर लिहिलं, 'आपल्या माणसांबद्दल, आपल्या माणसाकडून.'

७ फेब्रुवारी
कुणी काही बोललं नाही. लोक टपाल घेतात आणि जातात. भारावले असावेत.

८ फेब्रुवारी
दुकानात तिघं सापळेवाले बोलत उभे होते. मी आत गेल्यावर गप्प झाले. लेखकाच्या वाट्याला हे येतंच. माणसं जपून बोलायला लागतात.

१० फेब्रुवारी
चर्चमध्ये काका बायबलातला धडा वाचायला उभे राहिले, तेव्हा मागच्या दोन रांगा उठून गेल्या. काका शेवटपर्यंत वाचत राहिले. आवाज नेहमीचाच.

घरी आल्यावर लिओना माझ्यावर एवढी ओरडली की कुत्री गप्प झाली. खोपटी सोडताना काय करतात, तुला ठाऊक नाही का रे? एझ्रा ब्रूमफिल्डचा मुलगा ना तू? मला ठाऊक होतं. म्हणजे ऐकलेलं होतं. निघणाऱ्याने चुलीपाशी सुक्या ढलप्या आणि पटकन पेटणारी बर्च झाडाची साल रचून ठेवायची. मागून येणाऱ्याची बोटं आखडलेली असतात, त्याला लाकूड तोडता येत नाही. कुणी मरणाच्या घाईत असला तरी एवढं करतोच.

आणि सायलस रे, ती म्हणाली. सायलस कुठे मेला?

मी म्हटलं, वर.

वर कुठे?

सायलस होप, टायफीना काकूंचा भाऊ, एकोणीस वर्षांचा होता. आमच्याकडे त्याच्याबद्दल सगळे 'वर गेला' एवढंच म्हणतात. कुठे, कसा, हे मी कधी विचारलं नाही. इथे विचारत नाहीत.

लिओनाने सांगितलं. दुहेरी ओढ्याच्या खोपटीत. जानेवारी ३६. चूल रिकामी आणि हातात काड्यापेटी. त्याच्या आधी तिथून कोण गेलं, हे चव्वेचाळीस वर्षांत कुणी कुणाला विचारलेलं नाही. आणि मी ते छापलं. फोटोसकट.

११ फेब्रुवारी
शांतपणे विचार केला. हा गैरसमज आहे. साहित्य आणि माहिती यात फरक असतो. लोकांना तो समजावून सांगणारं छोटं टिपण लिहीन.

१३ फेब्रुवारी
काकांकडे गेलो, खुलासा करायला. काका कुऱ्हाडीला दांडा बसवत होते. चहा झाला. थंडीबद्दल बोललो. त्यांनी लेखाचं नाव काढलं नाही. मीही काढलं नाही. मन मोठं आहे माणसाचं.

१५ फेब्रुवारी
पुन्हा गेलो. चहा. दांडा छान बसलाय म्हटलं.

१८ फेब्रुवारी
टायफीना काकूंच्या नातवाचा बाप्तिस्मा २ मार्चला आपल्याच चर्चमध्ये आहे. बाळाचा धर्मपिता म्हणून एफ्रम काका उभे राहणार होते. उन्हाळ्यापासून ठरलेलं. आज बाळाच्या बापाने काकांना निरोप दिला की दुसरी व्यवस्था केलीय. निरोप माझ्या पोस्टातूनच गेला. उघडं कार्ड होतं, दिसलं.

काकांनी कार्ड हातात घेऊन वाचलं, खिशात ठेवलं. मग विचारलं, कुत्र्यांचं खाणं आलं का रे?

२० फेब्रुवारी
एक गोष्ट लक्षात येत नाही. काका सरळ का म्हणत नाहीत की तो मी नव्हतो? एक वाक्य! स्वतःच्या बाजूने बोलायला नको का माणसाने? त्यांच्या या अबोलपणामुळे माझी अडचण होतेय.

२१ फेब्रुवारी
३६ ची वही पुन्हा काढली. जानेवारीची पानं मी नीट वाचलीच नव्हती. कंटाळवाणी होती.
'१२ जाने. थंडी. दुहेरी ओढा. सायलस. चुलीत काही नाही. जोड्यांचा माग खाली गेलेला, जुना. ओळखला.'
'१३ जाने. सायलसला घसरगाडीवर बांधला. निघण्याआधी ढलप्या काढून ठेवल्या.'

जोड्यांचा माग. आमच्याकडे बर्फाच्या जोड्यांच्या तळाची वीण प्रत्येक घराची वेगळी, बर्फात ती उमटते. नऊ जानेवारीला मी जन्मलो. आदल्या दिवशी बाबा घरी पोचले.

याचा अर्थ काहीही होऊ शकतो.

२२ फेब्रुवारी
 पोस्ट बंद ठेवलं.

२३ फेब्रुवारी
नाही, एकच अर्थ होतो. काकांनी 'मी नव्हतो' म्हटलं तर पुढचा प्रश्न असतो, मग कोण? म्हणून ते गप्प आहेत. बाबा जाईपर्यंत चौतीस वर्षं ते त्यांच्या शेजारी चर्चमध्ये बसले. बाबांना खांदा दिला. मला पोस्टाची नोकरी लागली तेव्हा पहिलं तिकीट त्यांनी घेतलं. आणि मी त्यांना भेट दिली.

आईही जाणून होती. केक कापायच्या आधी उठून जायची.

लाज वाटते. आणखी काय लिहू? हात धुतले तरी वाटते.

२४ फेब्रुवारी
संकल्प: १ मार्चला बाप्तिस्म्याच्या आदल्या दिवशी हॉलमध्ये सगळे जेवायला जमतील. टायफीना काकूही येतील. तिथे उभं राहून सगळं सांगायचं. बाबांच्या नावासकट. पक्कं.

२७ फेब्रुवारी
भाषणाचा मसुदा केला. पहिल्या मसुद्यात बाबांचं नाव आहे. दुसऱ्यात 'एक आजारी बाप' आहे. तिसरा जास्त साहित्यिक आहे.

१ मार्च
बोललो.
हॉलमध्ये साठ माणसं, कॅरिबू हरणाच्या रश्श्याचा वास. काका दाराजवळ एकटे. आजूबाजूच्या खुर्च्या रिकाम्या. मी उभा राहिलो आणि म्हणालो, काकांच्या वहीत तो प्रसंग नाही. त्यांनी असं काही केलेलं नाही. मी तो घातला. मनाने रचला.

मनाने रचला, असं म्हणालो.

कुणी हाक मारली, आणि लांडगा रे? तोही, मी म्हटलं. लोक हसले. सगळा हॉल मोकळा झाला. बाळाच्या बापाने काकांसमोर जाऊन टोपी काढली आणि बाळ त्यांच्या मांडीवर दिलं. लोक माझ्याशी हात मिळवायला आले. चूक कबूल करायला छाती लागते, म्हणाले. मी म्हटलं, कर्तव्य केलं. खरंच असं म्हटलं मी.

मग टायफीना काकू आल्या. सत्तर वर्षांची बाई, माझ्या खांद्याएवढी. रागावल्या नाहीत. तो एफ्रम नव्हता हे बरं झालं रे, म्हणाल्या. मला त्याच्यावर राग धरवतच नव्हता. पण खरं सांगू हेडली? हे तीन आठवडे माझ्याकडे निदान एक नाव होतं. आई माझी दारात उभी राहून विचारायची, कोण होता? कोण? मेली तरी कळलं नाही तिला. मला वाटलं, मला तरी कळलं. असो. तू कशाला मनाला लावून घेतोस, तुला काय ठाऊक असणार?

मी म्हटलं, हो ना.

बाहेर काका जोडे चढवत होते. मला बघून म्हणाले, तुझ्या बापाचा माग होता हे मी कुणाला सांगितलं नाही, कारण तो माझा मित्र होता. ते माझं पाप. तुझं तू बघ, पोरा. आयुष्यात पहिल्यांदाच मला पोस्टमास्तर म्हणाले नाहीत.

२ मार्च
बाप्तिस्मा झाला. बाळाचं नाव सायलस ठेवलं. टायफीना काकूंच्या शेजारीच बसलो होतो. तीनदा तोंड उघडलं. एकदा स्तोत्र सुरू झालं, एकदा केक आला. तिसऱ्यांदा काही आलं नाही.

उद्या त्यांचं विमान. उद्या सांगायचं. गोठलेल्या तळ्यावरच्या धावपट्टीवर सांगायचं, तिथे आम्ही दोघंच असू. शब्द ठरवलेत: काकू, तो माझा बाप होता.

३ मार्च, सकाळी १०
टपालाची पिशवी मीच विमानात चढवतो. काकू आधीच आत बसल्या होत्या, मांडीवर पर्स, पायाशी मुरांब्याची बरणी. वैमानिक शेपटीवरचा बर्फ झाडत होता. भरपूर वेळ होता. पिशवी त्यांच्या मागे ठेवली. पट्टा आवळला. पुन्हा सोडून आवळला. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि वाट पाहिली, असं मला वाटलं.

मी म्हटलं, हवा छान आहे.

त्या म्हणाल्या, हो, आज चांगलं दिसेल खालचं सगळं.