पडद्यावरचं माझं तोंड

देवणी,
दि. ९ मार्च २०२५

चि. गीतांजलीस,
अप्पाचा आशीर्वाद. आम्ही खुशाल. तुझ्या आईचे गुडघे दुखून राहिले, बाकी तोंड चालू हाय.

तीन वर्षांनी माझं पत्र बघून दचकू नको. खबरच तशी हाय. तुझा बाप सिनेमात आलाय! बसवण्णांवरच्या सिनेमासाठी ते लोक आपली बैलजोडी बघायला आले होते. बैल ठरवले आन् मलाबी उभं केलं. डायरेक्टर म्हणला, "काका, मिशा अगदी बाराव्या शतकातल्या!" उगीच वाढवल्या व्हय?

माझा प्रसंग ऐक. बसवकल्याणच्या रस्त्यात चपला शिवणारा हरळय्या बसवण्णांना हात जोडून 'शरणु' म्हणतो. बसवण्णा 'शरणु शरणार्थी' म्हणून एक शरणु जास्तीचा देतात. ते बघून आम्ही गावकऱ्यांनी तोंड वाकडं करून फिरवायचं. बाकीच्यांना चार-चार बार करायला लावलं. माझं एका झटक्यात ओके! वर कॅमेरा जवळ आणून निस्तं माझंच तोंड घेतलं.

काल इथं मंगल कार्यालयात पडदा लावून दाखवला. मी दिसलो की शिट्ट्याच शिट्ट्या! सिद्धराम मास्तर म्हणाले, "माणिकप्पा, नाव काढलंत गावाचं." माझी छाती सदऱ्यात मावंना.

तुझी आई मात्र घरी आल्यावर म्हणली, "त्यात ॲक्टिंग कुठाय? पोरगी लग्न करून दारात आली, प्रीतम हात जोडून 'शरणु' म्हणला, तवा हेच तोंड केलंत की."

लई चिडलो. ताटावरून उठलो. पण खरंच हाय ते. त्याच्या बापाचं चपलांचं दुकान, तेवढंच बघितलं मी. पोरगं आपला नमस्कार शिकून आलं होतं, ते न्हाई दिसलं. जन्मभर बसवजयंतीच्या मिरवणुकीत पुढं चाललो, आन् हरळय्या दारात आला तर गर्दीतला माणूस झालो.

तुझा मात्र अभिमान वाटतो, पोरी. माझा स्वभाव माहीत असून तू त्याला सरळ माझ्या दारात आणलंस. एवढी हिंमत माझ्यात न्हाई.

येत्या रविवारी आम्ही दोघं नांदेडला येतोय. दार प्रीतमरावांनाच उघडू दे. आधी हात मी जोडणार हाय. त्यांनी तोंड फिरवलं तर फिरवू दे, तू मधी बोलू नको. मी पुन्हा 'शरणु' म्हणंन.

तुझा, आन् त्यांनी म्हणू दिलं तर त्यांचाबी,
अप्पा