माळ पूनमला, ओढा शंभूला

मी, गेणबा कोंडिबा कोळपे, वय ७९, राहणार खांडवस्ती, ता. शिरूर, जि. पुणे, पूर्ण शुद्धीवर आणि कुणाच्या दबावाशिवाय हे लिहून ठेवतो. माझं डोकं ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत आहे. माझा मुलगा शंभू याचंही एकदा तपासून घ्यावं.

१. ओढ्यात मुरूम टाकून बांधलेला बंगला शंभूला, पाण्यासकट. भूमिपूजनाला मी सांगितलं होतं की मेंढका कधी ओढ्यात मुक्काम करत नाही. तो म्हणाला, "आबा, तुमचं मेंढरामागचं शहाणपण ऱ्हाऊ द्या. इंजिनिअरनं बघितलंय." इंजिनिअर पुण्यात राहतो, तिसऱ्या मजल्यावर.

२. सरपंच ज्ञानेश यांना माझ्या पेटीचं पितळी कुलूप. पुरासाठी आलेले दोर आणि जॅकेटं चोरीला जाऊ नयेत म्हणून त्यांनी पंचायतीच्या कपाटात बंद केली. परसाल भरदुपारी पाणी चढलं तेव्हा किल्ली त्यांच्या खिशात, आणि ते पाबळला लग्नात. माझी बायको अनसाबाई गोठ्याच्या पत्र्यावर दीड तास दोराची वाट बघत बसली. मग पत्राच गेला. कपाटातलं मात्र काही चोरीला गेलं नाही. तिच्यामागं मला भाकरी गोड लागत नाही, हे कुणाला बोललो नाही, इथं लिहितो.

३. मेंढरं कोंडायची जाळी, आमची वाघर, शंभूने खुराड्यावर टाकली होती. त्या पुरात सून पूनमने ती सोडवून लिंबाला बांधली आणि शेजारचे दोघे व स्वतःचा नवरा ओढून काढला. नवऱ्याच्या काखेत टीव्ही होता. अनसापर्यंत जाळी पुरली नाही. ती वाघर पूनमला. बिरोबाच्या देवळाबाहेर उघड्यावर टांगावी, आणि दरसाल मृगाआधी सगळ्या वस्तीने ओढून बघावी.

४. मेंढरं विकून घेतलेला दोन एकर माळ एकट्या पूनमला. तिथं तिने घर बांधून नात सायलीला घेऊन राहावं. शंभू म्हणतो, "आसा पूर पन्नास वर्सांत एकदाच येतो." त्याला वर यायचं असेल तर त्याने बायकोला विचारावं.

वकील म्हणतात, हे सगळं मी मेल्यावर लागू होईल. मृग आठवड्यावर आला आहे, तो माझ्या मरणाची वाट बघणार नाही. म्हणून माळावर चार पत्रे उभे करून मी आजच राहायला आलो आहे. सायली शेजारी अभ्यास करते आहे, पूनम भांडी घेऊन चढण चढते आहे. शंभू खाली टीव्ही बघतो आहे.

हा कागद कुणी कुलपात ठेवू नये.

साक्षीदार: म्हाळू बिरदेव ठोंबरे (सही)
महेंद्र ज्योतिबा साळवे, शिक्षक (सही)

गेणबा कोंडिबा कोळपे (सही)
ठिकाण: माळावर
दिनांक: १ जून २०२५