दुसरा आणि तिसरा पेला रद्द धरण्याबाबत

प्रति,
मा. नगराध्यक्ष डॉन फाउस्तो चाक्लान,
नगरपालिका कार्यालय, सान गास्पार चिशोत, ग्वाटेमाला.

विषय: संत गास्पार यांच्या मूर्तीचा यजमान म्हणून माझे दुसरे व तिसरे वर्ष रद्द होणे आणि चालू वर्षात पंधरा दिवस रजा मिळणेबाबत.
संदर्भ: माझ्या खिडकीखालून जाताना आपण दिलेले उत्तर, "अर्ज कर, बघू."

महोदय,

१. मी, एवेलियो त्सोक इश्कोय, याच माया गावचा. पुरातत्त्वज्ञ आहे, प्राचीन माया लोकांवर माहितीपट करतो. संताची मूर्ती दरवर्षी एका घरातून दुसऱ्या घरी जाते, तो विधी मला चित्रित करायचा होता. नव्या यजमानाच्या जागी उभे राहायला कोणी तयार होईना, म्हणून मीच उभा राहिलो. पंचांपैकी तात सेबेरो यांनी उसाच्या दारूचा पेला पुढे केला. मी प्यायलो.

२. तो पेला पिणे म्हणजे वर्षभराचा होकार, हे मला ठाऊक आहे. माझा प्रबंध त्यावरच आहे. परंतु मी कॅमेऱ्यासाठी प्यायलो होतो.

२. (पुन्हा) चेहऱ्यावर सावली आली, म्हणून मी पेला पुन्हा मागितला.

२. (पुन्हा) मध्ये कोंबडा आला.

पंचांच्या मते तीन पेले म्हणजे तीन वर्षे. तात सेबेरो म्हणाले, "एका पेल्यालाच माणसं रडकुंडीला येतात. तू मागून मागून प्यायलास, पोरा. इतका हौशी यजमान गावानं पाहिला नव्हता."

३. यजमानाने मूर्ती सोडून बाहेर झोपू नये, धूप विझू देऊ नये. त्यामुळे

(उठावे लागले.)

त्यामुळे आईच्या या घरातून मला हलता येत नाही. एकदा दुपारी बसस्टँड गाठले. ड्रायव्हरने मला पाहून इंजिनच बंद केले. "संताजवळ कोणाला बसवलंस?" मग सगळे प्रवासी उतरून मला घरापर्यंत पोचवायला आले. शेजारच्या आजी, नान एस्तेफाना, वाटेत म्हणाल्या, "टीव्हीवर तूच सांगतोस ना, माया लोक नाहीसे झाले म्हणून? मग तुला अडवतंय कोण? जा की."

४. पेतेनच्या जंगलात मला एक रंगवलेली खोली सापडली आहे. पावसाआधी ती पुन्हा मातीने बुजवणे भाग आहे. भिंतीवर एक माणूस दुसऱ्यापुढे पेला धरून उभा आहे. मागच्या माहितीपटात मी याला पाहुणचार म्हटले होते. दुसऱ्याचा चेहरा अजून मातीखाली आहे. माझे सहकारी या महिन्यात तो उघडतील, पाहतील आणि झाकून टाकतील. पुन्हा ती खोली माझ्या हयातीत उघडणार नाही. महोदय, तो चेहरा मला पाहायचा आहे. तो कसा असेल, याचा थोडा अंदाज मला आता आहे.

५. पंधरा दिवस शक्य नसल्यास आठ. आठही नसल्यास मूर्ती सोबत नेण्याची परवानगी मिळावी. तिकिटे दोन काढीन. तेही नसल्यास

(धूप.)

६. पंचांनी सुटकेची एकच वाट सांगितली आहे. त्यांच्यासमोर दुसऱ्या कोणी पेला स्वीकारला, तर तिन्ही वर्षे त्याच्याकडे जातील. आपले वडील दोनदा यजमान होते आणि आपण अद्याप एकदाही नाही, असे नान एस्तेफाना यांच्याकडून समजते. हा अर्ज त्या आणि तात सेबेरो स्वतः आपल्या टेबलावर आणून ठेवत आहेत. बाहेर ऊन फार आहे.

आपला नम्र व कायम घरी असणारा,
एवेलियो त्सोक इश्कोय
दि. ९ एप्रिल

सोबत:
१) तिन्ही पेल्यांचे चित्रीकरण.
२) पेला, भरलेला, वर रुमाल झाकून. पोच म्हणून सही नको. एक घोट पुरे.