मामंजींचं अक्षर

आखाडा बाळापूर
बाजाराचा दुसरा दिवस

तीर्थरूप आक्का,

तुमच्या पायावर सखूचं डोकं, दाजींना नमस्कार, लेकरांच्या डोक्यावरून हात. गुडघा कसा आहे? मागच्या पत्रात गुडघ्याचं पानभर लिहिलंत आणि तिकडं हळद शिजवून झाली का न्हाई त्याचं एक अक्षर लिहिलं न्हाई. गुडघा कुठं पळून जात न्हाई, हळदीचं आधी लिहीत जा. इकडं सगळे बराबर आहेत. तुमच्या भावाचा खोकला आहे तसाच आहे, कारण बिडी आहे तशीच आहे. आणि पत्त्यावर आता जिल्हा परभणी लिहू नका. आपला जिल्हा हिंगोली होऊन वर्ष झालं, तुमचं मागचं पत्र परभणीत फिरून दमून आलं.

हे सगळं फोनवर सांगणार होते. पण खेमाच्या दुकानातला फोन काचेच्या खोक्यात असला तरी ऐकायला आख्खं स्टँड उभं असतं, आणि ही गोष्ट ऐकवायसारखी न्हाई. गुडघ्यापायी तुम्ही पुनमच्या ओटीभरणाला आल्या न्हाईत, ते बरं झालं का वाईट झालं हे वाचून तुम्हीच ठरवा.

मुळात गोष्ट तुमच्या भावापासून सुरू होते. सुनेला दिवस गेल्याचं कळलं त्याच दिवशी त्यांनी ओसरीवर बसून जाहीर करून टाकलं की नातू झाला तर आबांचंच नाव ठेवायचं, म्हणजे लिंबाजी. (हा एवढा एक शब्द मी लेकाकडून, मुन्नाकडून लिहून घेतला आहे. अक्षर बघा, कोंबडी चालल्यासारखं आहे. खालचं-वरचं मी हातानं झाकून धरलं होतं, त्याला सगळं पत्र वाचायची गरज न्हाई.) तुमचे वडील होते, तुम्हाला गोड वाटेल. मला काय वाटतं ते मी सांगते, राग आला तर येऊ द्या. या घरात आल्यापासून मी सासऱ्याचं नाव तोंडात घेतलं न्हाई, आणि तुमच्या आजीनं नाव शोधून असं ठेवलं की त्यात अर्धं रान आणि अर्धं स्वयंपाकघर येतं. दारातल्या झाडाला मी कडूझाड म्हणते. सरबताच्या फळाला आंबट म्हणते. मी नवी नवरी असताना खेमाच्या बापानं मला आंबट म्हणून चिंच बांधून दिली आणि पाव्हण्यांच्या पोह्यावर चिंच पिळायची पाळी आली, तेव्हा मामंजी हसून हसून उचकी लागून बसले होते. तुम्ही तिथंच होता, तुम्हीच पाणी दिलं. आता बाळापूरच्या बाजारात माळीण मला लांबून बघितलं की न विचारता चार आंबटं तराजूत टाकते. एवढी वर्षं झाली, तकलीफ काही न्हाई, सवय झाली.

पण आक्का, फळाला हाक मारावी लागत न्हाई. नातवाला मारावी लागते. त्याचा बाप नाव घेणार, आजा घेणार, गाव घेणार, आणि दिवसभर त्याच्या मागं पळणार कोण, तर मी, आणि माझ्याच तोंडाला कुलूप. लेकरू विहिरीकडं रांगत निघालं तर काय, 'ए आंबट, फिर मागं' म्हणू? आणि शिवीचं काय? सासऱ्याच्या नावाला शिवी जोडता येत न्हाई, आणि शिवीबिगर पोरगं मोठं होत न्हाई. मुन्ना मोठा झाला तो काय उगाच झाला? हे मी तुमच्या भावाला दोनदा सांगितलं. दोन्ही वेळा ते खोकले.

म्हणून जेव्हा पुनम म्हणाली की ओटीभरणाला एक खेळ ठेवू, तेव्हा मी लगेच हो म्हणलं. एरवी मला असले चाळे चालत न्हाईत. ओटी भरा, जेवा, घरी जा, दुपारची भांडी पडलेली असतात. पण खेळ असा होता की डब्यात चिठ्ठ्या टाकायच्या, एका चिठ्ठीवर एक अक्षर, जिला जे अक्षर येईल तिनं त्या अक्षरावरून बाळाचं नाव सांगायचं. नाव सुचलं न्हाई तर गाणं म्हणायचं, आणि सगळ्यात चांगलं नाव सांगणारीला स्टीलचा डबा. पुनमच्या मावशीकडं नांदेडला असंच झालं होतं म्हणे. मी मनात म्हणलं, बायांसमोर एक चांगलं नाव निघालं, सुनेनं मान हलवली, की गावभर तेच होतं, मग तुमच्या भावाला बसू द्या खोकत. नाव मी ठरवून ठेवलं होतं. आकाश. रानातून घरापर्यंत हाक जाते. (मी ओरडून बघितलं आहे. बेबीबाईला वाटलं मी पाऊस बघून राहिले.) आ ची चिठ्ठी मी डब्यात टाकलीच न्हाई, मुठीत धरून ठेवली.

तर सोमवारी सगळ्या जमल्या. पुनमला हिरवं लुगडं, फुलांचे दागिने, झोपाळ्याला क्रेपचे कागद. हे सगळं तिच्या बहिणीनं, मिनानं केलं. ती खास हिंगोलीहून आली होती, पोरगी हुशार आहे पण फार हसते. ऊन असं की फुलं गळ्यातच शिजून राहिली होती. ओटी भरून झाली, बुंदी झाली, बाप्यांना ओसरीवर चहा दिला आणि खेळ काढला. डबा डालड्याचा. चिठ्ठी वाचायचं काम माझ्याकडं, कारण चौथीपर्यंत शाळा झालेली मी, आणि बाकीच्यांचे चष्मे घरी राहिले होते. (चष्मा एकीलाही न्हाई.)

पहिली चिठ्ठी भिकाबाईची, आला स. भिकाबाईनं पदर तोंडाला लावला. मी म्हणलं, सांग की, स वरून नावांचा काय दुष्काळ हाये का. तर म्हणे, ते आमच्या ह्यांचं अक्षर आहे. तुम्हाला माहीत आहे, तिचा नवरा सुदाम. मी म्हणलं, त्याचं नको घेऊ, दुसरं घे. तर म्हणे, "त्या अक्षराला तोंड लावलं की जिभेवर तेच येतं बाई, मी न्हाई." बरं, म्हणलं, ठेव बाजूला. दुसरी चिठ्ठी बेबीबाईची, आला भ. तिचे सासरे भिवाजी. तिनं चिठ्ठी विस्तवासारखी खाली टाकली आणि म्हणाली, "थेरडं जाऊन इतकी वर्षं झाली, अजून अक्षर अडवून बसलंय!" मग दोघींनी आपसात अदलाबदल केली, तर भिकाबाईचा थोरला दीर भगवान निघाला आणि बेबीबाईचा साहेबराव. चिठ्ठ्या पुन्हा जागेवर. तिसरी, चौथी, पाचवी, सगळ्यांचं तेच. एकीचा मामेसासरा, एकीचा आजेसासरा. मी म्हणलं, पोरीचं नाव सांगा, बाप्ये सोडा. तर सगळ्यांच्या सासवा उभ्या राहिल्या. आपल्या एका गल्लीत मेलेली आणि जिती मिळून अर्धी बाराखडी बंद आहे, हे मला त्या दिवशी कळलं.

मिना हसून हसून लोळायची बाकी राहिली. म्हणाली, मावशी, तुमी घरात नवऱ्याला बोलावता तरी कशा? भिकाबाई म्हणाली, "काहून? 'अवो' म्हणलं की झालं." बेबीबाई म्हणाली, "व्हय, पर गल्लीतले सगळेच वळून बघतात." यावर जे हसणं सुरू झालं ते थांबेना, आणि खेळ राहिला बाजूला.

माझं डोकं फिरलं. एक नाव निघालं न्हाई आणि नुसती गाणी म्हणून राहिल्या. मी म्हणलं, सरका, मी काढते. मूठ डब्यात घालणार तेवढ्यात मिना म्हणते, "मावशी, मूठ उघडून." शहरातल्या पोरींची नजर वाईट. उघडावी लागली. आ पडला इतर अक्षरांत आणि मी वर काढला तो ल. दैव बघा. तुमच्या वडलांचं अक्षर. सगळ्या बाया माझ्या तोंडाकडं बघायला लागल्या, कारण सगळ्यांना माहीत.

लखन म्हणून मोकळी होणार होते मी. पण तेवढ्यात पुनमची मान एका बाजूला गेली. डोळे पांढरे, ओठ पांढरे, हात गार. ऊन, फुलं, उपाशी पोट (तिनं बुंदीला हात लावला नव्हता, हे नंतर कळलं) आणि वर आम्हा बायांचा गराडा. सातवा महिना, आक्का. मी तिचं डोकं धरलं आणि ओरडले, आंबट आणा, पाण्यात आंबट पिळून आणा! बाकीच्या बायांना कळलं, पण त्या दारापासून लांब. स्वयंपाकघराच्या दाराशी होती मिना. ती आत पळाली आणि चिंचेचा गोळा घेऊन आली. मी म्हणलं, हे न्हाई, आंबट! तर ती पुन्हा पळाली आणि कैरीचं लोणचं घेऊन आली. पुनमचा हात माझ्या हातात आणखी गार झाला. मग मात्र मी त्या फळाचं खरं नाव घेतलं. एकदा न्हाई, दोनदा. गाभण म्हैस वेशीपलीकडं असती तरी तिनं ऐकलं असतं.

मिनानं बराबर फळ आणलं, पिळलं, मीठ-साखर घातली, पुनमनं अर्धा पेला घेतला आणि डोळे उघडले. (आता ती ठणठणीत आहे. नर्सबाई येऊन बघून गेली, लेकरू आत लाथा मारून राहिलं आहे.) मग बेबीबाई हळूच म्हणाली, "सखे, घेतलंस की गं नाव." आणि भिकाबाईनं माझी खाली पडलेली चिठ्ठी उचलली. वाचता येत न्हाई, पण अक्षर तिनं ध्यानात ठेवलं होतं. "ल चंच हाये. डबा हिचाच," म्हणाली, आणि माझ्याच घरचा डबा मला दिला.

पण खरी तऱ्हा पुढंच. तुमचे भाऊ ओसरीवरून आत आले. टोपी काढली. फोटोसमोर जाऊन हात जोडले आणि डोळे पुसत म्हणाले, आबा सुनेच्या तोंडून बोलले, आता नाव पक्कं. मी म्हणलं, अवो, मी सरबत मागत होते. तर म्हणे, सगळं जग तुझ्या तोंडून हे ऐकायला थांबलं होतं. उरलेली बुंदी त्यांनी रस्त्यावर उभं राहून वाटली. एसटीच्या कंडक्टरलासुद्धा दिली.

झालं ते असं झालं. बाकी सगळं ठीक. दाजींना सांगा, बैलाचं काय ते पोळ्याच्या आत कळवा.

तुमची
सखू

ता. क. पत्र लिहिलं ते यासाठी. तुमचे भाऊ माझं ऐकत न्हाईत, तुमचं ऐकतात, कारण लहानपणी तुम्ही त्यांना बडवलेलं आहे. त्यांना कळवा की आबा तुमच्या स्वप्नात आले आणि म्हणाले, माझं नाव नको, आकाश ठेवा. आबांना असलं नाव कसं सुचलं असं विचारलं तर म्हणा, वर गेल्यावर सुचलं.

ता. क. पत्र टाकायचं राहिलं. आज पुनम बाळंतपणाला हिंगोलीला निघाली. पिशवी भरता भरता म्हणाली, आत्याबाई, तेच नाव ठेवू. म्हणलं, तुला आकाश आवडतं ना? तर म्हणे, माहेरच्या गल्लीत तीन आकाश आहेत, हाक मारली की तिन्ही येतात. आणि म्हणाली, मला भोवळ आली होती तरी तुमी ओरडल्या ते ऐकू आलं, तेवढंच ऐकू आलं. मी म्हणलं, मग मी त्याला हाक कशी मारू? तर म्हणे, तशीच. पोरगी बारावी शिकली आहे, कधी कधी बराबर बोलते. ती गेल्यावर गोठ्यामागं जाऊन मी एकदा मोठ्यानं बोलून बघितलं. म्हशीनं मान वर केली. दुसरं काही झालं न्हाई.

ता. क. तेव्हा ते स्वप्न पडू देऊ नका. वरचं वाचून घाईनं कळवून झालं असेल तर दुसरं पाडा. मुलगी झाली तर नाव मी ठेवणार, त्यात तुमच्या भावानं खोकायचं सुद्धा न्हाई. पण बारशाला तुम्ही गुडघ्यासकट या. पाळण्यापाशी माझ्या शेजारी उभ्या राहा. आधी तुम्ही नाव घ्या, तुम्ही लेक, तुमचं तोंड पहिल्यापासून मोकळं. तुमच्या मागून मी घेते. सवय लागावी म्हणून इथं एकदा लिहून बघते. लिंबाजी. मुन्नापेक्षा अक्षर बरं आहे.