झर आणि लेंड्या

गुरुवार, दिवेलागण

आबांचा प्रश्न डोक्यातून जात नाहीये. माझ्या कादंबरीतल्या जगाच्या पोटात ‘झर’ आहे. निळसर, जिवंत, कधी न सरणारी शक्ती. तिच्याच जोरावर तिथले जादूगार उडतात, वठलेली झाडं उठवतात. दोन वर्षं लिहितेय. आज पहिल्यांदा आबांना वाचून दाखवलं. ते मेंढीच्या लोकरीतली कुसळं काढत ऐकत होते.

“लई चांगलं हाय. पर बाई, एवढी झर उपसत्यात, मग जमिनीला माघारी काय देत्यात?”

“काहीच नाही. ती संपतच नाही, आबा.”

कुसळ त्यांच्या बोटांतच राहिलं. “आपण रानात मेंढरं बसवतो, लेंड्या पडत्यात, तवा पीक येतं. आन् तुझ्या लोकायला समदं फुकट?”

रागच आला मला. जादू आहे ती, खत नाही, असं फाडकन बोलूनही गेले. ते हसले, पुढचं कुसळ शोधू लागले.

पण खरं सांगायचं तर शेवट का जमत नव्हता, ते आत्ता कळतंय. कुणाचं काही जातच नव्हतं! म्हणजे सगळं पुन्हा लिहायचं? हो, सगळं.

नवी पहिली ओळ झालीय: ‘उडण्याआधी जादूगाराने आपली मेंढरं रानात बसवली.’

आबांना इतक्यात वाचून दाखवणार नाही. फार हसतील.