धाकटीचं धटिंगण

४ मार्च
आणलं कुत्रं घरी! दहा महिन्यांचं धटिंगण. रस्त्यात हिसडा मारून धाकटीला पाडलं, खुबा मोडला. आणि ती दवाखान्यात कण्हत मलाच विचारते, "ताई, त्याला खायला घातलंस ना गं?" मी जेवले का, ते नाही विचारलं!
भाचा म्हणाला, "मावशी, आई घरी यायच्या आत कुणालातरी देऊन टाकू. परत पाडलं तर संपलंच." म्हटलं, दीड महिना दे. माणसं सरळ केलीत मी, हे तर कुत्रं.

५ मार्च
मापाची टेप खाल्ली. एक चप्पलही.

९ मार्च
फाटकातून सुटला. हाका मारून घसा बसला. लहानपणी म्हणे एका हाकेला यायचा! तासाभराने आला शेपटी हलवत. दिली एक फुटपट्टी पाठीत.

१० मार्च
हाक मारली की शिलाई मशीनखाली. बाहेरच येईना.

१२ मार्च
जनावरांच्या डॉक्टरीणबाईंकडे नेला. "आजी, हे सोळा वर्षांचं पोर समजा. शिकलेलं विसरल्यासारखं करणारच काही महिने. पण परत आल्यावर मारलंत? मग त्याला काय कळलं — आजीकडे गेलं की मार बसतो."
पोरीएवढी बाई, पण खरं बोलली. तिने सांगितलं, त्याने ओढलं की थांबायचं. कितीही उशिरा आला तरी कौतुक करायचं. कौतुक! माझ्या जिभेला सवय कुठे?

१५ मार्च
ताडपत्रीच्या उरलेल्या पट्ट्या जोडून वीस हात लांब पट्टा शिवला. दुहेरी शिलाई. तो ओढतो, मी खांबासारखी उभी. कोपऱ्यापर्यंत जायला अर्धा तास! शेजारीण म्हणाली, "तुम्ही त्याला फिरवताय की तो तुम्हाला?" म्हटलं, "तुझ्या नवऱ्याआधी सुधारेल."

२३ मार्च
बोलावल्यावर आला. थोपटायला हात उचलला — तर जमिनीला चिकटला, डोळे मिटून.
आज जेवण गेलं नाही.

३० मार्च
हात नुसता मांडीवर ठेवून बसले. बऱ्याच वेळाने हुंगला, मग डोकं टेकलं. दोन ब्लाउज बेतायचे राहिले. राहू देत.

६ एप्रिल
ओढत नाही आता. दार सताड उघडं असलं तरी आधी माझ्या तोंडाकडे बघतो, मी सांगितल्याशिवाय हलत नाही. भाचा बघून म्हणाला, "मानलं मावशी! पुढच्या रविवारी आईला आणतो. तिचं कुत्रं तिला."
तिलाच. त्यासाठीच तर केलं सगळं.
पट्टा धुऊन वाळत घातला.

१३ एप्रिल
धाकटी आली, काठी टेकत. दारातूनच त्याला हाक मारली, रडत. तो सगळा थरथरत होता, पण जागचा हलला नाही. माझ्या तोंडाकडे बघत राहिला.
"ताई, ओळखत नाही का गं मला?"
'जा' म्हणायचं, एवढंच. मी तोंड मिटून बसले.